वैजूच्या नावाची बरणी

परवा सकाळी अंगण झाडत होते, तर केर माझ्या पायावर यायच्या ऐवजी आपणहून समुद्राकडे पळायला लागला. मी झाडू थांबवून उभी राहिले. वारा फिरला होता.

पावसाळाभर आमच्या दांडी गावात वारा समुद्राकडून येतो. कपडे वाळत नाहीत, मिठाला पाणी सुटतं, उशीलासुद्धा ओलसर वास येतो. मग दिवाळीच्या आसपास एका सकाळी तो जमिनीकडून यायला लागतो. कोरडा, हलका, ओठ फाडणारा. गावात कुणी कुणाला सांगत नाही, पण घराघरातून बायका बांबू बाहेर काढतात. बोंबील वाळवायचा मोसम आला.

मीही माळ्यावरून दोऱ्या खाली घेतल्या. सगळ्या निळ्या, जुन्या जाळ्याच्या. त्यांच्यात एक हिरवी. ती आधी सोडवून बाजूला ठेवली. हिरवी दोरी वैजूने आणली होती, बोईसरच्या बाजारातून. म्हणाली होती, "माजी दोरी येगळी दिसली पायजे. कोन बोलला का वैजू बसून खाते, तर दाखवता येईल."

वैजू माझी धाकटी बहीण. मी चौथीनंतर घरी राहिले, ती नववीपर्यंत शिकली. तिचं वाचणं असं, की शाळेत पाहुणे आले की गुरुजी तिलाच उभं करायचे. लग्न होऊन केळव्याला गेली. नवऱ्याने दुसरी आणली तेव्हा माहेरी आली नाही, परस्पर मुंबईकडे गेली. हॉटेलात कामाला आहे, एवढंच आम्हाला ठाऊक. सणाला यायची, सगळ्यांना काही ना काही आणायची, आणि सण संपायच्या आधी निघायची. दादाच्या घराचे पत्रे जाऊन वर स्लॅब आला तो कुणामुळे, हे सगळ्या आळीला माहीत होतं. तसं तोंडाने कुणी म्हणत नसे.

हिरवी दोरी आली त्या वर्षी ती दोन मोठ्या बॅगा घेऊन आली आणि दिवाळी झाली तरी निघाली नाही.

"हॉटेल बंद झाला," ती म्हणाली. "आणि मी पन आता थकले गो ताई."

दादाच्या घरात आईची खोली रिकामी होती, तिथे ती झोपायची. सकाळी उठली की माझ्याकडे, वाळूवर. माझं घर त्याच आळीत, शेवटचं. मी गावातल्या गावातच दिलेली, त्यामुळे माझं माहेर कधी सुटलंच नाही. वैजूचं सुटलं होतं, आणि ते तिला परत जोडायचं होतं. मोसमभर ती एवढ्याच एका गोष्टीसाठी राबली, असं मला आता वाटतं.

बोंबील एकटा टांगता येत नाही. त्याचा जबडा उघडायचा, दुसऱ्याच्या जबड्यात अडकवायचा, आणि ती जोडी दोरीवर टाकायची. एक इकडे लोंबतो, एक तिकडे. दात बारीक आणि धारेचे असतात. वैजूचे हात मऊ झाले होते. पहिल्या दिवशी तिची सगळी बोटं फाटली. शेजारच्या दोऱ्यांवर जनीकाकी काम करायची, तिचं तोंड कधी बंद नसायचं.

"काय गो मॅडम, बोंबलाचा जबडा उगडतेस का त्याला शेकहँड करतेस?"

"ओळख काढते गो काकी. अनोळकी तोंडात एकदम बोट कसा घालू?"

काकी हसली ती कमरेवर हात ठेवून. मलाही हसू आलं. वैजू तशी होती. कुणी टोचून बोललं की ती ते टाचणीसारखं काढून समोरच्याच्याच पदराला लावायची, आणि त्यालाही ते आवडायचं. मला ते कधी जमलं नाही. दुकानात चार माणसं असली तर मी बाहेर थांबते, गर्दी गेली की आत जाते.

टांगून झालं की राखण. कावळे, कुत्री, मांजरं. झावळ्यांच्या सावलीत आम्ही दोघी काठी घेऊन बसायचो. उन्हात बोंबील आधी पाणी टाकतात, मग काचेसारखे आरपार दिसतात, मग पिवळसर होतात. वारा आला की सगळी रांग एकदम किणकिणल्यासारखी हलते. आवाज होत नाही, पण झाल्यासारखा वाटतो. उत्तरेला घिवलीच्या बाजूला वीज केंद्राचं उंच धुराडं धुरकट दिसायचं. समोर पाणी ओसरलेलं. अशा त्या जागी, उलट्या टोपलीवर फोन टेकवून, वैजूने मला जपान दाखवलं.

ती मालिका होती. एका मोठ्या शहरातल्या क्लबातल्या बायकांची. सजून-सवरून पुरुषांच्या शेजारी बसायचं, त्यांच्या पेल्यात दारू ओतायची, त्यांची रडगाणी ऐकायची, त्यांच्या न हसण्यासारख्या गोष्टींवर हसायचं. पहिल्या दिवशी मी तोंडावर पदर घेतला.

"ह्ये काय बगतेस गो, दिवसाढवळ्या?"

"बायकाच हायेत ताई. बग तर."

मी बघितलं. बोलणं जपानी, खाली हिंदीत अक्षरं यायची. मी एक शब्द लावेपर्यंत ती निघून जायची आणि दुसरी यायची. म्हणून वैजू वाचायची, आणि हिंदीत न वाचता सरळ आमच्या बोलीत. जरीचा पट्टा बांधलेली, अंबाड्यात मोत्याचा काटा खोवलेली ती क्लबाची मालकीण ओठ हलवायची, आणि आवाज यायचा वैजूचा: "आज कंपनीचा सायेब यायचा हाय, तोंडं धुवा गो बायांनो, काय कावळ्यावानी बसल्यात!" मला अजूनही वाटतं की जपानमध्ये सगळे दांडीसारखंच बोलतात.

मालिकेतलं मला पुष्कळ आठवतं. बर्फ पडत असलेला रस्ता. गाडी वळेपर्यंत वाकून उभ्या राहणाऱ्या बायका, आणि गाडी वळल्यावर त्यांची सरळ होणारी पाठ. एक नवी मुलगी होती, तिला आम्ही चिमणी म्हणायचो. ती घरी आईला फोन करून सांगायची, मी फुलांच्या दुकानात आहे. ते वाक्य वैजूने दोनदा वाचलं. मग पुढे गेली.

त्या क्लबात एक रीत होती. नेहमीचा माणूस आला की तो आपली बाटली विकत घेतो, उरलेली तिथेच ठेवतो. गळ्यात त्याच्या नावाची चिठ्ठी, आणि बाटली फडताळात. पुन्हा आला की त्याची तीच बाटली पुढे. एका माणसाची बाटली फडताळात अशीच होती. तो येईनासा झाला होता. मालकीण रोज ती खाली काढायची, पुसायची, परत ठेवायची. चिमणी तिला विचारते, कशाला ठेवली, टाकून द्या. तेव्हा मालकीण म्हणते (म्हणजे वैजू म्हणाली), "बाटली टाकली म्हंजे तो येनार नाय, ह्ये मीच ठरवल्यासारका होईल."

वैजूने फोन थांबवला.

"ताई, आपल्या नावाचा असा कोन तरी काय तरी ठेवला पायजे ना गो?"

मी म्हटलं, "आईची खोली हाय ना तुजी."

"दादा बोललाय. ऋतुजाचा लग्न झाला का खोली तुजी. मंग मी जात नाय कुटं."

ऋतुजा दादाची एकुलती मुलगी. वैजू तिला जीव लावायची; तीही कधीमधी सावलीत येऊन आमच्यासोबत मालिका बघायची.

हॉटेलातलं काम कसलं, हे तिने मला कधी सांगितलं नाही. सांगितलं नाही म्हणणंही खरं नाही. एका भागात चिमणी पेला पुढे ठेवताना काही तरी करते, आणि वैजू पटकन म्हणाली, "चुकली. पयला ग्लासाचा घाम पुसायचा. मंग रुमाल तिकोनी घडी करून बुडाखाली. मंग दोन बोटांनी जरासा फिरवून पुडं. मानसाची बोटं वली झाली नाय पायजेत."

मी तिच्याकडे बघितलं नाही. तिनेही माझ्याकडे बघितलं नाही. दोघी फोनकडे बघत होतो. थोड्या वेळाने ती म्हणाली, "आमच्याकडं कागदी रुमाल असायचा." एवढंच. एक कावळा आला, बोंबील ओढून घेऊन गेला, आणि आमच्यातलं कुणीच उठलं नाही.

मग मी तिच्या डोक्याला तेल लावलं. मला दुसरं काय येतं.

पुढच्या एका भागात त्यातली एक बाई बाजारात जाते. समोरून तिचा रोजचा माणूस येतो, बरोबर बायको आणि मुलगी. ती त्याच्या अगदी जवळून जाते आणि डोळा हलवत नाही. मला वाटलं, बोलेल तरी. वैजू म्हणाली, "नाय बोलायचा. बाहेर ओळख दाखवायची नाय. त्याची लाज ती आपली लाज. ह्यो आमचा पयला नियम." 'आमचा' म्हणताना तिची मान थोडी वर झाली होती. मला त्यातला मानही दिसला. इतर कुणाला दिसला नसता.

त्याच मोसमात घिवलीहून ऋतुजाला बघायला आले. मुलगा तारापूरच्या कंपनीत, घर चांगलं, मुलीलाही पसंत. आई-वडील आले आणि बोलणी करायला मुलाचा मामा, बोईसरला राहणारा, भारदस्त माणूस. वैजूने ऋतुजाला साडी नेसवली, केसांत अबोली माळली, आणि स्वतः जुनी सुती साडी नेसून मागे राहिली. पाणी ऋतुजाने न्यायचं ठरलं होतं. पण पाहुणे उन्हातून आलेले, ऋतुजा अजून आरशापुढे, आणि दादाने बाहेरून हाक मारली, "पानी आना गो आदी!" वैजू सगळ्यात जवळ होती. वहिनीने ताट तिच्या हातात दिलं.

मी आतल्या पडद्याआड उभी होते. फ्रिजचं पाणी, काचेचे ग्लास. बाहेर नेईपर्यंत त्यांना घाम आला होता. वैजूने ताट टेबलावर ठेवलं. कमरेचा रुमाल काढला. मामांच्या पुढचा ग्लास पुसला. रुमालाची तिकोनी घडी केली, बुडाखाली सरकवली, दोन बोटांनी ग्लास जरासा फिरवला आणि पुढे ठेवला.

ती हे करते आहे हे तिला कळलं नसणार. हाताला कळत होतं फक्त. मला कळलं, कारण तो हात मी रोज फोनमध्ये बघत होते. मामा तोवर दादाशी बोलत होते, त्यांनी तिच्याकडे बघितलंसुद्धा नव्हतं. त्यांची नजर आधी ग्लासावर गेली. मग हातावर. मग तोंडावर.

वैजूच्या चेहऱ्यावरची एक रेघ हलली नाही. बाकीचे ग्लास तिने तसेच ठेवले, ताट उचललं, आणि आत आली. अगदी त्या बाजारातल्या बाईसारखी. आत आल्यावर ताट मोरीत ठेवलं आणि पुन्हा बाहेर गेली नाही. मामांनी ते पाणी प्यायलं नाही. ऋतुजा आली, पोहे झाले, सगळं हसत-बोलत झालं, आणि तो ग्लास रुमालावर तसाच भरलेला राहिला.

दुसऱ्या दिवशी दादाला फोन आला. मुलगी पसंत आहे. पण ती घरात असलेली बाई कुठे काम करायची हे आम्हाला कळलं आहे, तेव्हा ती लग्नात दिसता कामा नये, आणि त्या घरातही राहता कामा नये. आमच्या घराण्याला चालायचं नाही.

दादा ओट्यावर डोकं धरून बसला. वहिनी रडत होती. ऋतुजा दारात उभी राहून म्हणाली, "बाबा, पन त्या मामांना कुटून ठावूक?"

"तू आत जा," दादा म्हणाला.

तो प्रश्न तिथेच राहिला, त्या भरलेल्या ग्लासासारखा. कुणी हात लावला नाही. आणि मग मी बोलले. बापाच्या जागी असलेल्या दादापुढे, शेजारपाजारचे कान लागलेले असताना, मी जन्मात पहिल्यांदा मोठ्याने बोलले. "ती माज्या घरी राहील. माजी बईन हाय. लग्नाला पन माज्या बाजूला बसेल. ज्याला चालत नसंल त्याने सांगावा, आमच्या बईनीला कुटं बगितली ते." दादाने मान वर केली नाही. माझ्या नवऱ्याने फक्त, "बरोबर हाय," म्हटलं.

वैजू त्या वेळी वाळूवर होती. दुपारी दादाच्या होडीतून बोंबील आले होते, ते ती टांगत होती. मी धावत गेले, सगळं सांगितलं. तिने हातातली जोडी अडकवली, हिरव्या दोरीवर टाकली, पुढची घेतली.

"तू बोललीस?" ती म्हणाली. "तू? दादाच्या पुडं?" आणि हसली. डोळे भरले होते, तरी हसली. "मंग आता माजा काय राहिला गो मिळवायचा."

"तू सांग ना सगल्यांना. तो तिकडं यायचा म्हनून सांग. बगू मंग त्याचा घरानं."

"नाय."

"का नाय?"

"बाहेर ओळख दाखवायची नाय, ताई. त्याने मोडला नियम, मी कशाला मोडू? आणि पोरीचा लग्न मोडेल. तिला तो पोरगा आवडलाय, तू बगितलास ना तिचा तोंड? ती दारात उबी राहून विचारते, कुटून ठावूक. पुरे झाला मला."

दोरी भरेपर्यंत ती उठली नाही. एकही जोडी सैल टांगली नाही. नंतर मी ती रांग चाचपून पाहिली, म्हणून सांगते.

सकाळी ती दोन्ही बॅगा घेऊन माझ्या दारात आली. मी म्हटलं, आत ये, बॅगा आत ठेव. तिने माझ्या गालाला हात लावला. हाताला बोंबलाचा वास होता, बोटांवर दातांचे ओरखडे. अस्सल कोळणीचे हात झाले होते.

"तुज्या घरी राहिले तरी गाव तोच हाय गो. पोर सासरी जाईल, आणि रोज कोन तरी तिला इचारेल."

मी काही तरी बांधून द्यावं म्हणून हिरव्या दोरीकडे निघाले, तर तिने अडवलं. "वले हायेत अजून. गाडीत वास मारतील. वाळले का येते न्यायला." आणि मग, टमटममध्ये बसता बसता, "शेवटचा भाग ठेव हां. माज्याशिवाय बगू नको. तुला वाचता यायचा नाय."

टमटम बोईसरच्या रस्त्याला लागली. ती वळेपर्यंत मी उभी होते. मालिकेतल्या बायका वाकून उभ्या राहायच्या. मला वाकता आलं नाही.

तिचा फोन काही दिवस लागायचा. "हाय, बरी हाय," म्हणायची. कुठे ते सांगायची नाही. मग नंबर बंद झाला. माझा नवरा दोनदा जाऊन शोधून आला. कुठे शोधायचं तेच माहीत नाही, तर कोण सापडणार? ऋतुजाचं लग्न झालं. मामा मांडवात पुढे बसले होते. दादाने आईची खोली कुणाला दिली नाही, आणि उघडतही नाही.

हिरव्या दोरीवरचे बोंबील तिच्या मागे वाळले. चांगले वाळले, सोन्यासारखे. मी ते दुसऱ्या कशात मिसळले नाहीत. लोणच्याची एक काचेची बरणी रिकामी होती, ती धुऊन उन्हात तापवली आणि त्यात भरले. कागदाच्या पट्टीवर नाव लिहिलं. 'वैजू'. चौथीतलं अक्षर माझं, मोठं आणि एका बाजूला पडणारं. पट्टी बरणीच्या गळ्याला बांधली आणि फडताळात वरच्या फळीवर ठेवली.

दारू बाटलीत वर्षानुवर्षं राहते. बोंबील राहत नाहीत. पावसाळा आला की काच आतून धुरकटते, बोंबील नरम पडतात, आणि श्रावणापर्यंत त्यांना तो वास येतो जो लपवता येत नाही. ही मालकीणबाईला नसलेली अडचण. म्हणून वारा फिरला की मी जुने समुद्रात सोडते. त्यांचं कालवण करायला माझा हात होत नाही. आणि हिरवी दोरी पहिली बांधते.

जनीकाकी काल आली होती. पूर्वीसारखी बोलत नाही ती आता, दम लागतो. दोरी बघून म्हणाली, "मॅडमची का?" मी मान हलवली. तिने खाली बसून, न विचारता, दोन जोड्या अडकवून दिल्या.

आज ऋतुजा आली, मुलीला घेऊन. सासरी बरी आहे. तिने जबडे अडकवायला मदत केली, मुलगी वाळूत खेळत होती. मग सावलीत बसलो तेव्हा फोन काढून म्हणाली, "आत्या, ती जपानची मालिका सापडली मला. शेवटचा भाग हाय. वाचून दाखवू? वैजूआत्या वाचायची तसा."

"नको गो."

"मी बगितलाय तो. ती बाटली असते ना, मालकीण पुसते ती..."

"हाड!" मी काठी घेऊन उठले. दोऱ्यांच्या पार त्या टोकापर्यंत गेले. परत आले तेव्हा ऋतुजाने फोन पिशवीत ठेवला होता. कावळा कुठेच नव्हता हे तिला दिसलं होतं. ती मुलीच्या पायाची वाळू झाडत राहिली.

ती गेल्यावर मी बरणी खाली काढली. धुतली, पुसली. पट्टीवरची शाई दमट हवेने पसरली होती, नाव वाचता येत नव्हतं. नवी पट्टी कापली, पेन घेतलं, आणि नाव परत लिहिलं. बोंबील वाळायला अजून वेळ आहे, बरणी रिकामीच आहे. तरी पट्टी बांधून तिला फडताळात तिच्या जागी ठेवून दिली, दार उघडलं की पहिली दिसेल अशी.